मोटरीवरचं भांडण

सिंगापूरमधल्या आमच्या विद्यापीठात शनिवारी दुपारी माहितीपट दाखवतात. गेल्या वर्षी लेबनॉनमधल्या पॅलेस्टिनी निर्वासितांच्या छावणीवरचा एक आला, आणि त्याची इंग्रजी सबटायटल्स तपासायचं काम माझ्याकडे आलं. त्यात निवेदन नाही, संगीत नाही. कॅमेरा एका बोळात नुसता ठेवून दिलेला. वर विजेच्या तारांचा गुंता, खाली कुणी जिना धुतंय, कुणी पाव घेऊन घरी येतंय.

एका प्रसंगात दोन बायका दारात बसून वांगी कोरत बोलतात. चांगली सहा-सात मिनिटं. खाली मात्र एकच ओळ: ‘बायका बोलत आहेत.’

मी आमच्या सरांना विचारलं. ते म्हणाले, मागे चाललेल्या गप्पांचं भाषांतर करत नाहीत. मला काही ते पटेना. शेजारच्या विभागात जॉर्डनहून आलेली एक संशोधक होती, तिला बोलावून तो भाग दाखवला. ऐकता ऐकता ती हसायला लागली.

“थोरली म्हणतेय, तू मोटर आधी लावतेस म्हणून माझ्या टाकीत पाणी चढत नाही. धाकटी म्हणतेय, मग तुम्ही लवकर उठा.”

पुढे वीज जायच्या वेळा, ओल आलेली भिंत, वांग्यात भात किती भरायचा. आम्ही दोघींनी सगळं उतरवून काढलं. सरांनी वाचलं, छान म्हणाले, आणि लोक कंटाळतील म्हणून बाजूला ठेवलं.

कार्यक्रमात तो प्रसंग आला तशी निम्मी माणसं फोन काढून बसली. नंतर एकाने विचारलं, त्या बायका युद्धाबद्दलच बोलत असतील ना? सर म्हणाले, बहुधा.

माझ्या अंगाचा तिळपापड झाला. मी उभी राहिले. “नाही. त्या पाण्याच्या मोटरीवरून भांडत होत्या.”

लोक हसले. मी विनोद केला असं त्यांना वाटलं. पुढे सांगणार तोच सर म्हणाले, वेळ संपली, हॉल पाचला परत द्यायचाय.

पुंगोलला घरी पोचेपर्यंत मी धुमसत होते. नवऱ्याला सांगितलं, तर तो म्हणाला, “अगं, पण एवढं मोटरीचं भांडण कोण वाचणार?” त्या दिवशी त्याच्याशी धड बोललेही नाही.

सोमवारी आमचं भाषांतर माहितीपट बनवणाऱ्यांना पाठवलं. त्यांनी आभार मानले आणि आता बदल करता येणार नाही असं कळवलं. त्या संशोधक मैत्रिणीला याचं काहीच वाटलं नाही, तिला सवय होती. मला मात्र अजून विषय निघाला की आवाज चढतो.