दारातली सुरकुती

चादरीसारखी जागेची घडी घातली, की शंभर मैलांवरचं गाव दोन पावलांवर येतं. पण घडी मोडली की मागे सुरकुती राहते, आणि तिच्यात सापडलेल्याला हातभर अंतर चालायला तास लागतो. मावशी गेली तीस वर्षं शहरभरच्या अशा सुरकुत्या तळहाताने काढत आल्या होत्या. हात मऊ, जीभ मात्र तिखट.

त्या दिवशी लेक दोन वर्षांनी घरी यायची होती. चहा निवून गेला, तरी तिचा पत्ता नाही. लेक जिथून निघणार होती त्या घडीघरात फोन केला, तर कारकून म्हणाला, "त्या केव्हाच निघाल्या." मावशींनी पुढचं दार उघडलं, तर लेक समोर दोन हात अंतरावर, बॅग घेऊन घामाघूम चालतेय आणि पोचतच नाही!

मावशींनी घाईघाईने उंबरा चोळून सपाट केला. लेक थेट अंगावरच आदळली, तेव्हा कुठे त्यांचा जीव भांड्यात पडला.

"आई, जगाच्या सुरकुत्या काढतेस आणि स्वतःच्या दारातली ठेवतेस?"

"तू गेलीस तेव्हा इथे घातलेल्या घडीची आहे ती," तिला घट्ट धरून मावशी खेकसल्या. "पुसायला हात धजावला नाही माझा. मी मागच्या दाराने ये-जा करते."