साध्या वेशातला माणूस

जुईनगरच्या त्या निवृत्त पोलिसाने माझ्या मुलाखतीसाठी केस काळे करून घेतले होते. राजकीय पाळतीवर मी माहितीपट करत होते, आणि हे गृहस्थ जमिनीच्या आंदोलनाच्या काळात शिरवणे गावात साध्या वेशात फिरलेले. माइक लावताना त्यांनी दोनदा विचारलं, "टीव्हीवर कधी लागणार?"

पहिला तासभर नुसतं शौर्य. चहा आल्यावर सैल सुटले.

"सभेला कोण जातंय हो? खाडीचे डास! मी हॉटेलात बसून रिपोर्ट लिहायचो. नावं मतदार यादीतली." आपल्याच हुशारीवर ते पोट धरधरून हसले.

"पण आतल्या बातम्या?"

"एक खबऱ्या होता ना गावात. वारला आता. त्याच्यावर संशय यायला लागला, तेव्हा मीच उठवलं की शाळेतले मास्तर आमचे खबरी आहेत. लगेच पटलं लोकांना. शिकलेला माणूस!"

त्या मास्तरांना मी आदल्याच आठवड्यात भेटले होते. त्यांच्या मुलीच्या लग्नाला गावातलं एकही घर आलं नव्हतं.

"मास्तर आहेत अजून," मी म्हटलं.

"हो का? वा! नमस्कार सांगा माझा."

मला किळस आली. तरी मागे स्वयंपाकघरात मिक्सर वाजला म्हणून ते सगळं मी त्यांच्याकडून पुन्हा वदवून घेतलं. माझा धंदाही काही सोवळा नाही.

चार दिवसांनी शिरवण्यात जाऊन तो भाग मी मास्तरांना लॅपटॉपवर दाखवला. त्यांनी तो दोनदा पाहिला. "या माणसाला मी कधी पाहिलंसुद्धा नाही," म्हणाले. मग त्यांनी समोरच्या शेजाऱ्याला हाक मारली. हा आंदोलनातला पुढारी. आता स्वतःची चार मजली इमारत, खाली दुकानं. त्याने दारात उभ्यानेच पाहिलं.

"माना म्हाईत होता," तो म्हणाला. "तुजा काय दोष नवता."

"मंग पोरीच्या लग्नाला का नाय आलास?"

"कोनीच नाय आला. मी एकलाच कसा येनार?"

हे त्याने इतक्या सहज सांगितलं, की तो पोलीस मला जरा बरा वाटला. तो निदान पगारासाठी खोटं बोलला होता.

मास्तरांनी त्याला बस म्हटलं नाही. तो गेल्यावर त्यांनी मला विचारलं, "कॅमेरा चालू होता?"

"होता."

"मग हेही घाला."