भिंतीला तीन हात

हसायचं तर हसा, पण सांगतोच! एका सिनेमातून मी माझं अख्खं घर स्वतःच्या हातानं बाहेर काढलंय.

बापू माझा येरमाळ्याच्या शाळेतला सोबती. आज सिनेमाचा नावाजलेला कॅमेरामन. भुताचा सिनेमा म्हणा, कुस्तीचा म्हणा, बर्फातलं प्रेम म्हणा, याच्या कॅमेऱ्याला काहीच वर्ज्य नाही. उकिरड्यावरची कोंबडीसुद्धा राणीसारखी दाखवेल!

नव्या सिनेमासाठी जागा शोधत तो गावात आला आणि माझ्या घरासमोर खिळलाच. भिंतीला पोपडे आलेले, पावसाचे ओघळ उतरलेले.

"पहिला सीन इथंच! एकट्या माणसाचं घर. परवा सगळ्यांना घेऊन येतो. तू काही करू नकोस हं."

मी हरखलो. माझी बायको सुमन गेल्यापासून दोन वर्षं घरात चार माणसं एकदम बसली नव्हती. आता पंधरा येणार होती.

मला सांगा, पाहुणा 'काही करू नका' म्हणाला, तर आपल्याकडं कुणी ऐकतं का? निदान शिरा तरी होतोच ना? मी चुना आणला.

समोरच्या शांतावहिनी दारातून बघत होत्या. "भावजी, लई झ्याक! पण एका हातानं भागायचं न्हाय, दोन मारा."

मी तीन मारले! वहिनींनी येऊन रांगोळी काढली, वर प्लॅस्टिकचं तोरण बांधलं.

बापू जीपमधून उतरला आणि उभाच राहिला.

"भिंत कुठंय?"

"ही काय!"

"अरे, ती जुनी?"

"हिच्याच खाली आहे की!"

बापू मटकन ओट्यावर बसला. "गाढवा, भूम पालथं घातलं, लोहारा पालथा घातला, तेव्हा अशी भिंत घावली होती! काही करू नकोस म्हणालो होतो ना?"

"तसं सगळेच पाहुणे म्हणतात रे."

"मी पाहुणा न्हाय, कॅमेरामन हाय!"

झालं! आता ही सगळी माणसं आल्या पावली परत जाणार. माझा चेहरा चुन्याहून पांढरा पडला.

तेवढ्यात वहिनी पुढं आल्या. "पडकी भिंतच पायजे व्हय? मग आमची बघा की. लग्न झाल्यापासनं आमच्या ह्यांनी चुन्याला हात लावला न्हाय!"

बापू वळला. बघतो तर माझ्या भिंतीवरचं ऊन परतून नेमकं वहिनींच्या भिंतीवर पडत होतं. ऊन असं परतवायला हे लोक पांढरे थर्माकोल घेऊन हिंडतात. बापूनं ते जीपमध्येच ठेवायला सांगितले.

"तुझं घर," तो मला म्हणाला, "थर्माकोल म्हणून उत्तम आहे."

शूटिंग वहिनींच्या भिंतीसमोर, पण चहाला, जेवायला सगळे माझ्याकडंच! दोन दिवस घरात पाय ठेवायला जागा नव्हती. कपबशा शेजारून आणाव्या लागल्या.

पुढं सिनेमा आला. वहिनींच्या टीव्हीसमोर आम्ही सगळे बसलो.

"भावजी, तुमचं घर कुठं दिसंना हो?"

"दिसायचं नाही, वहिनी," मी ऐटीत म्हणालो. "पण तुमच्या भिंतीवर उजेड पडलाय ना, तो सगळा माझ्या घराचा!"

वहिनींनी पडद्याकडं नीट निरखून पाहिलं.

"म्हंजी, आमचा एकेक पोपडा साऱ्या मुलखाला दिसतोय, त्यो तुमच्यामुळं व्हय?"