हाताचा वास

आमच्या गल्लीतला पॉलिशवाला हाताचा पक्का होता. स्पिरिटात विरघळवलेली चपडा लाख कापसाच्या बोळ्याने तो कपाटावर अशी चढवायचा, की त्यात बघून भांग पाडावा. हा हात त्याला वडिलांकडून मिळाला होता. वासही. लिंबू चोळा, राख चोळा, नखांतलं स्पिरिट हटत नसे. वडील म्हणजे देवमाणूस, असं तो सांगे, आणि भिंतीवरच्या त्यांच्या फोटोच्या चौकटीला दर वर्षी न चुकता पॉलिश करी.

त्याची आई आता कोणालाच ओळखत नव्हती. सकाळी सुनेच्या हातून निमूट जेवायची. संध्याकाळी सून कामावर, भरवायची पाळी मुलाची; त्याचा घास पुढे आला की ओठ घट्ट. अंगावरचं मांस झडत चाललं. डॉक्टर म्हणाले, आणखी पंधरा दिवस बघू, नाहीतर नाकातून नळी.

"मीठ जास्त पडतंय," तो बायकोला म्हणाला.

"सकाळी तेच मीठ असतं. अहो, तुमच्या हाताला वास येतो."

"या घरात पन्नास वर्षं हाच वास आहे. आधी बाबांचा, मग माझा. तिला काय त्याची सवय नाही?"

सवय होती. दुसऱ्या दिवशी त्याने घास पुढे केला, तशी म्हातारीने दोन्ही हात डोक्यावर आडवे धरले आणि दबक्या आवाजात म्हणाली, "आत्ता नको. पोरगं जागं आहे."

पोरगं म्हणजे आपणच, हे कळायला त्याला भात गार होईपर्यंत वेळ लागला.

बायको घरी आल्यावर त्याने तिला ते सांगितलं. ती फोटोकडे बघत राहिली.

"काढू का?"

"राहू दे. चौकट चांगली आहे."

मग तो कामाला होता त्या फर्निचरच्या कारखान्यात त्याने लाकूड घासायचं काम मागून घेतलं.

"असला हात असून पॉलिशपेपर मारणार?" मालक म्हणाला. "डोकं ठिकाणावर आहे ना?"

"डोक्याचं काही नाही. हातच नको झालाय."

अकराव्या दिवशी नखांना नुसता भुशाचा वास उरला. त्या संध्याकाळी म्हातारीने तोंड उघडलं. एक घास, दुसरा, तिसरा. चौथ्याला तिने त्याचं मनगट धरलं आणि घास त्याच्याच तोंडाकडे वळवला.

"तूही खाऊन घे पटकन," ती म्हणाली. "ते यायच्या आत."

त्याने खाल्ला. मग उठून, तिला दिसेल अशी, दाराला आतून कडी घातली.