नाटक बसवणारी चिनी बाई आणि आमचं मंडळ

चीनमधल्या एका नटीची गोष्ट मी सतराव्या वर्षी वाचली. त्या गोष्टीमुळे आमच्या वॉर्डातल्या मंडळाशी माझं वैर झालं. ते अजून आहे, आणि मिटावं अशी माझी इच्छा नाही.

मी वाचायला पत्रकांवर शिकले. बालाघाटची शाळा हिंदी, घर मराठी. मराठी छापील काही हवं असेल तर ते नागपूरहून गोंदियामार्गे छोट्या गाडीनं यायचं, तेही कोणी आणलं तर. वडील राइस मिलमध्ये कामाला होते. सभेला गेले की खिशात पत्रकं कोंबून आणायचे, आणि मी ती जेवणाच्या ताटाशी बसून वाचायचे. मिलच्या युनियनच्या खोलीत एक चिनी मासिकही यायचं, हिंदीत. गुळगुळीत कागद, रंगीत चित्रं. त्यातला प्रत्येक शेतकरी हसायचा, याचा मला तेव्हाही राग यायचा.

त्या बाईचा लेख त्यातच होता. गरीब घरची पोर, लहानपणीच गाणाऱ्या नाटक कंपनीत दिलेली. तिथे मार खात शिकली. मोठी झाल्यावर शांघायच्या सिनेमात नायिका झाली. शेठ सांगतील तिथे रडायची, सांगतील तिथे लाजायची. युद्ध पेटलं तेव्हा शहर सोडून सैन्यामागे खेड्यापाड्यांतून फिरली, मातीच्या ओट्यांवर नाटकं केली. राज्य बदललं आणि ती कॅमेऱ्याच्या मागे गेली. आता सिनेमा तीच करायची, नटांना तीच सांगायची. हे सगळं पक्षानं दिलं, असं लेखात जागोजागी लिहिलं होतं. ते मी सोडून दिलं. पण फोटो सोडता आला नाही. जाडा कोट, कानांवर ओढलेली टोपी, एक हात हवेत. समोर चार-पाच पुरुष उभे, आणि ते तिच्या तोंडाकडे बघताहेत, ती काय सांगते ते ऐकायला. बाईकडे असं बघणारे पुरुष मी आमच्या गावात पाहिले नव्हते.

मी तो लेख मावशीला वाचून दाखवला. मावशी आमच्याच घरी राहायची. तिचा नवरा नागपूरच्या मिलमध्ये गेला आणि तिथेच दुसरं घर करून बसला. मावशी विड्या वळायची. मांडीवर सूप, सुपात तेंदूची पानं, हात चालू, कान माझ्याकडे.

"मंग आता ते सोता काम नाही करत?" तिनं विचारलं.

"दुसऱ्याईकडून करवते."

"अन् माणसं आयकतात?"

"फोटोत तं आयकून राह्यले."

"फोटोत आपला अध्यक्ष पन हसते वं," मावशी म्हणाली. पण मग हात थांबवून तिनं मासिक मागितलं. तिला वाचता येत नव्हतं. ती बराच वेळ फोटो बघत राहिली.

मावशीला त्या फोटोचं काय पडलं होतं, ते सांगते. नागपूरला दीक्षा घेऊन आमचे लोक परतले आणि घराघरातले देव वैनगंगेत गेले. वॉर्डात जुनी भजनी मंडळी होती, तिचं नाटक मंडळ झालं. देव बुडवले, पण भजनाची पेटी ठेवली, कारण ती कामाची होती. पहिली दोन वर्षं बायकांची कामं मिशा काढलेल्या पोरांनी केली. तिसऱ्या वर्षी मावशी उभी राहिली. आमच्याकडची ती पहिली बाई. वारासिवनीहून लोक बैलगाड्या करून आले, शिव्या देत परत गेले, आणि पुढच्या वर्षी शेजाऱ्यांना घेऊन पुन्हा आले.

नाटक बसवायला तालीम मास्तर होता. तो पेटीपाशी बसून पान चघळायचा आणि सूर द्यायचा. नाटक खरं बसवायची मावशी. पाटलाचं काम करणारा पोरगा गळा फाडून ओरडायचा. मावशी त्याला म्हणाली, "ओरडतो काहून? ज्याच्या हाती सारं गाव हाय, तो हळूच बोलते." तळ्यावर पाणी प्यायला जाणाऱ्या माणसाचा एक प्रवेश होता. तहान लागली म्हणून तो पोरगा पाण्याकडे धावत सुटायचा. मावशीनं त्याला अडवलं. "आपला माणूस पान्याकडं धावत नाही रे. पहिले चारी बाजूनं पाहते, कोनी पाहून तं नाही राह्यलं." त्यानं तसं केलं. मास्तर म्हणाला, "हौ, मी हेच सांगनार व्हतो."

बासष्टच्या पावसाळ्यात मास्तर गोंदियाच्या एका कंपनीत निघून गेला. दिवाळीनंतरच्या मंडईला, म्हणजे आमच्याकडच्या जत्रेला, नाटक ठरलेलं. विहाराच्या टिनाखाली मंडळाची सभा भरली. मी आणि मावशी दाराशी उभ्या राहिलो. बायांना आत बसायला मनाई नव्हती, फक्त जागा नसायची.

मी म्हणाले, "मावशी बसवंल नाटक." आणि मासिक पुढे केलं.

अध्यक्ष कचेरीत शिपाई होते आणि वॉर्डात कलेक्टर. त्यांनी फोटो लांब धरून पाहिला. "पोरी, हे चीन हाय. इथं बालाघाट हाय."

"नाटक तं तेच हाय ना भाऊ," मावशी म्हणाली. "चार सालांपासून कोन बसवून राह्यलं, विचारा पोराईले."

पोरांनी माना खाली घातल्या. मग अध्यक्षांनी खरं काढलं. "तुमच्या कामाले कोनी नाव नाही ठेवत. पन तालीम पेटीवर हात ठेवून सुरू व्हते. महिन्यातले चार दिवस पेटीले कोन हात लावन?"

कोणी हसलं नाही. ज्यांनी स्वतःच्या हातानं देव नदीत टाकले होते, ते सगळे गंभीर चेहऱ्यानं पेटीचा विटाळ मोजत बसले. शेकडो वर्षं दुसऱ्यांनी यांना पाण्याला हात लावू दिला नाही, आणि यांच्या हाती एक लाकडाची पेटी आली तर यांनी पहिलं काम हे केलं. मी हे तिथेच बोलले. मला बाहेर जायला सांगितलं.

मावशी गेली नाही. "पेटी नवसाची हाय का भाऊ?"

"रीत हाय."

"मंग रीत तुमच्यापाशी ठेवा. मी पेटीबिगर बसवीन. पन भोंग्यावर सांगताना माह्यं नाव सांगाचं. नाटक हिनं बसवलं म्हनून."

मंडईला दुसरा कोणी मिळत नव्हता. ते हो म्हणाले.

तिनं विडी वळणाऱ्या दोन बाया कामाला घेतल्या. गाण्यांना टाळ्या आणि डफ. पेटी विहाराच्या कोपऱ्यात फडक्याखाली पडून राहिली आणि कोणाला तिची आठवण झाली नाही. मी मावशीला इतकी आनंदात कधी पाहिली नव्हती. पानं कातरताना ती प्रवेश बोलायची, आणि मध्येच विचारायची, "ते चीनची बाई नटावर चिडत असंल का वं?"

मग सीमेवर लढाई सुरू झाली. बालाघाटच्या बाजारात पुतळे जळले. चीनचा नकाशा ज्यांनी कधी पाहिला नव्हता ते चीनला खाऊ म्हणून ओरडत फिरले. युनियनच्या दोघांना पोलिसांनी उचललं. वडिलांनी घरातली मासिकं चुलीत घातली. फोटो तेव्हाच गेला.

अध्यक्षांना मात्र तो पाठ होता. दुसऱ्या दिवशी घरी आले, खाटेवर बसले, पाणी मागितलं. "बाई, गावात बोलून राह्यले, चिनी बाईचं पाहून नाटक बसवलं म्हनून. ठाण्यात नाव गेलं तं?"

"गावाले कोनं सांगतलं? फोटो तं सभेतच दाखवलता," मावशी म्हणाली.

त्यावर ते पाणी प्यायले. "मास्तरले तार केली. तो येईल, पेटीवर बसंल. नाव त्याचं सांगू. तुमी काम करा, भारतमातेचं एक दृश्य बी टाकू. नाही म्हनलं तं त्या दोन बायाईलेबी घरी बसा लागंल."

हे देशासाठी नव्हतं. देश त्यांना आयता सापडला.

मंडईच्या दुपारी भोंग्यावरून सांगितलं गेलं की हे नाटक आमच्या मास्तरांनी बसवलं आहे. मावशी मागे लुगडं नेसून तयार उभी होती. त्या दोन बायांसाठी ती आली होती. तळ्याचा प्रवेश आला. पोरगा थांबला, चारी बाजूंना पाहिलं, आणि बसलेल्या लोकांतून रडण्याचा आवाज आला. टाळ्या पडल्या. मास्तर पेटीमागून उठला आणि त्यानं हात जोडले.

त्यानंतर मावशीनं मंडळात पाय ठेवला नाही.

पुढे मी नागपूरला शिकायला गेले. नवी पत्रकं आली, जास्त लाल, जास्त रागीट, आणि मला ती आवडली. चीनमध्ये नव्या पोरांची क्रांती चालू होती. एका बैठकीत मी त्या बाईबद्दल विचारलं. सांगणारा चष्मा पुसत म्हणाला, "जुन्या सिनेमावाल्यांना शेतावर पाठवलं. तिलाही पाठवलं असेल. श्रम शिकायला."

जी सैन्यामागे पायी फिरली, मातीच्या ओट्यांवर उभी राहिली, तिला श्रम शिकवणार कोण, तर काल जन्मलेली पोरं. मी उठून आले. क्रांतीवरचा माझा विश्वास गेलेला नाही. कमिटीवरचा गेला.

सुटीत मावशीला सांगितलं.

"तिलेबी उठवलं?" तिनं विचारलं. "कोनं?"

"तिच्याच लोकाईनं."

"मंग तिनं काय केलं?"

"माहीत नाही. पुढचं छापलं नाही."

"तुया कागदाईचं असंच हाय," मावशी म्हणाली. "बाई बसली का फोटो. बाई उठवली का पानच नाही."

त्याच उन्हाळ्यात ती लामता गावी जाऊ लागली. तिथे आमच्या नात्यातल्या बाया विड्या वळतात, मंडळ नाही, पेटी नाही. ती त्यांचं नाटक बसवते आहे.

यंदा मंडळाचा नवा अध्यक्ष घरी आला. जुन्याचाच मुलगा.

"मावशी, म्हातारीचं काम हाय. तुमच्यासारखं कोनी करत नाही."

"बसवून कोन राह्यलं?"

"मास्तर बाहेरून आनला."

"मंग म्हातारी पन बाहेरून आन बाबू."

तो चिडला. "लामत्याच्या नाटकाले मंडळाची परवानगी नाही, मालूम हाय ना? अन् भोंग्यावर तुमचं नाव कोन सांगन तिथं?"

"माह्यं नाव मले येते," मावशी म्हणाली. "मीच सांगीन."

आठवड्याभरात विहारात सभा झाली. वॉर्डातल्या कोणीही लामत्याच्या नाटकाला जाऊ नये असा ठराव एकमतानं मंजूर झाला. त्या सभेत एकही बाई नव्हती. त्या सगळ्या लामत्याला जायला बैलगाडी ठरवत होत्या.