संपायचा राहिलेला रोल

राळेगावच्या बसस्टँडसमोरच्या ममता फोटो स्टुडिओत काढलेला पासपोर्ट फोटो लगेच ओळखू येतो. त्यातला माणूस नुकतीच वाईट बातमी ऐकल्यासारखा दिसतो. आणि ती त्याने खरोखरच ऐकलेली असते.

‘हसू नका’ म्हटलं की माणसाला हमखास हसू येतं, हे स्टुडिओवाल्या इंद्रजितला धंद्याच्या सुरुवातीलाच कळलं. म्हणून तो असलं काही म्हणत नाही. गिऱ्हाइकाला स्टुलावर बसवतो, हनुवटी जराशी खाली करतो, आणि दिव्याचं तोंड फिरवता फिरवता उत्तर ध्रुवाची गोष्ट काढतो. तीन स्वीडिश माणसं १८९७ साली भल्यामोठ्या फुग्यात बसून ध्रुवाकडे निघाली. सोबत घसरगाड्या, कबुतरं आणि कॅमेरा. दोन-तीन दिवसांतच फुगा बर्फावर टेकला. मग ती पायी निघाली. पण खालचा बर्फच समुद्रावर तरंगत होता. ही चालत एकीकडे, आणि बर्फ त्यांना नेत होता दुसरीकडे.

इथे क्लिक.

पुढचं ऐकायला गिऱ्हाईक सहसा थांबत नाही. त्याची एसटी लागलेली असते.

ही गोष्ट इंद्रजितला नागपूरला फोटोग्राफी शिकवणाऱ्या सरांनी सांगितली होती, फिल्म किती टिकते याचं उदाहरण म्हणून. धडा फिल्मचा होता, इंद्रजितने मोहीम उचलली. मग त्याने स्वतःहून आणखी बुडालेल्या मोहिमा गोळा केल्या: दक्षिण ध्रुवावर पोचल्यावर दुसऱ्याचाच झेंडा पाहावा लागलेले आणि परतताना संपलेले पाच जण, बर्फात शिरून कधीच न परतलेली दोन जहाजं. यशस्वी मोहिमांविषयी त्याला आस्था नाही. “पोचलेल्याचा फोटो कोणीही काढते,” असं त्याचं म्हणणं.

“तुमचे गोरे मरू द्या बर्फात,” त्याची बायको ममता आतून म्हणते, “कूलरमंधी पानी टाका.”

स्टुडिओत मागे बर्फाच्या डोंगरांचा पडदा आहे. रंगवणाऱ्या पेंटरने बर्फ पाहिला नव्हता, जिनिंगच्या आवारातले कापसाचे ढीग पाहिले होते. त्यामुळे पडद्यावरची शिखरं मऊ आहेत, आणि एका शिखराच्या पायथ्याशी बैलगाडीही आहे. उन्हाळ्याच्या दुपारी, बाहेरचा रस्ता उजेडाने पांढराफटक झाला की त्या पडद्याकडे पाहत बसावं. थोड्या वेळाने बाहेर काय आणि आत काय, हे नीट सांगता येत नाही.

गेल्या मे महिन्यात अशाच एका दुपारी तुळसाबाई आली, नातवाला घेऊन. तिचं गाव राळेगावपासून जवळच. नातू राजदीप, लग्न आठ दिवसांवर.

“जय भीम, भाऊ.”

“जय भीम, वयनी. या, पंख्याखाली बसा.”

लग्नाचा फ्लेक्स छापायचा होता. वर तथागत आणि बाबासाहेब, खाली नवरा-नवरी, आणि बाजूला ‘कालकथित’ म्हणून दिवंगत आजोबा. आजोबांचाच फोटो नव्हता. डोमाजीचं गावात सायकल दुरुस्तीचं दुकान होतं. चाळिशीत, चार दिवसांच्या तापाने तो गेला, त्याला पंचवीस-सव्वीस वर्षं झाली. मृत्यूनंतरच्या पुण्यानुमोदनाला फोटोच्या जागी त्याची टोपी ठेवावी लागली होती.

राजदीपने यावर उपाय काढला होता. वडलांच्या फोटोवरून मोबाइलने आजोबा तयार केले होते.

“पाहा ना काका. फक्त वय वाढवलं.”

इंद्रजितने पाहिलं. एक गुळगुळीत, समाधानी म्हातारा होता.

“हा तं तहसीलमधला कोणी साहेब वाटते,” तुळसाबाई म्हणाली. “याले मी कायले हार घालू?”

“आजी, लोकायले काय समजते?”

“लोकायले नाई समजत. मले समजते ना, बाबू.” मग ती इंद्रजितकडे वळली. “भाऊ, तुमी त्यायचा फोटो काढला होता. इथंच. मी त्या बाकड्यावर बसली होती. टोपी मायाच हाती देल्ली होती त्यायनं. तुमी ते फुग्यावाल्याची गोष्ट सांगून राह्यले होते.”

इंद्रजितने मान वर करून कपाटाकडे पाहिलं. त्याला डोमाजी आठवला असं नाही. स्टुलावर बसून गेलेली माणसं हजारो. पण त्याला कॅमेरा आठवला.

तेव्हा पासपोर्ट फोटो काळे-पांढरेच निघत, आणि रोल पूर्ण भरल्याशिवाय धुवायचा नाही असा धंद्याचा दंडक होता. डोमाजीला कसल्याशा अर्जासाठी फोटो हवा होता, पण घाई नव्हती. रोलमध्ये एक फोटो शिल्लक होता. त्याच आठवड्यात इंद्रजितने हौसेने रंगीत फोटोंसाठी नवा कॅमेरा घेतला, आणि जुना यशिका रोलसकट कपाटावर गेला. डोमाजीही गेला. मागायला कोणी आलं नाही. फोटो अर्जापुरता होता; अर्ज करणारा गेला तसा तोही गेला, असं तुळसाबाईने तेव्हा धरलं होतं.

कॅमेरा खाली आला. इंद्रजितने आकडा पाहिला. अजून एकच शिल्लक होता.

“वयनी, खरं सांगतो. त्या फुग्यावाल्यायची फिल्म तेहतीस वर्षांनी सापडली, अन् धुतली तं फोटो निघाले. पण ते बर्फात होते. हा रोल इथल्या उन्हाळ्यात होता, पत्र्याखाली. बहुतेक कोरा निघंन. पाहता काय? का राहू द्यावं?”

तुळसाबाई मांडीवरच्या पदराच्या काठाकडे पाहत राहिली.

“सपनात येते ते,” ती म्हणाली. “पण पाठमोरेच. सायकल हातात धरून समोर चालते. मी हाक मारतो, थांबते, पण पाहत नाई मागं. पह्यले पाहत होते. आता मलेच तोंड याद नाई राह्यलं नीट, तं ते कसे पाहतीन?” मग म्हणाली, “धुवा. कोरा तं कोरा.”

डार्करूममध्ये ममताचे कांदे, तुरीचं पोतं आणि लग्नात दिव्यांवर लावायच्या छत्र्या होत्या. सगळं बाहेर निघालं. फिल्म धुवायची औषधं नागपूरहून आणावी लागली. स्टुडिओत आजवर ऐकवलेल्या मोहिमांच्या मानाने ही लहान, पण तयारी तशीच: निघण्यापूर्वी ममताला विचारलं नाही, आणि परतल्यावर उत्तर द्यावं लागलं.

तीन दिवसांनी आजी-नातू पुन्हा आले. खरी अडचण पाण्याची होती. फिल्म गार पाण्यात धुवावी लागते, आणि मे महिन्यात राळेगावच्या नळाला येतं ते चहाचं आधण. इंद्रजितने राजदीपला समोरच्या लखनच्या रसवंतीवर पाठवलं. तो बर्फाची लादी गोणपाटात गुंडाळून, पाणी गाळत आला.

“आता पहिले रोल संपवू,” इंद्रजित म्हणाला. “वयनी, बसा स्टुलावर.”

“मी कायले?”

“एक फोटो बाकी आहे. रोल संपल्याशिवाय धुवत नसते.”

राजदीप हसला. कोणता दंडक, कोणासाठी, आता कोण विचारतं! पण तुळसाबाई उठली आणि बर्फाच्या डोंगरांपुढे जाऊन बसली. पदर मागे घेतला. केस पांढरे स्वच्छ. इंद्रजितने सवयीने हनुवटी खाली करायला सांगितली आणि सवयीनेच फुग्याला हात घातला.

“ते तीन जण फुग्यात बसून निघाले...”

“ते मले मालूम हाय,” ती म्हणाली. “त्यायच्या घरच्या बाया काय करत होत्या तवा?”

इतक्या वर्षांत हे कुणी विचारलं नव्हतं.

“एकाचं लग्न ठरलं होतं,” तो म्हणाला. “त्या पोरीनं लय वर्षं वाट पाह्यली. मग दुसऱ्याशी केलं लग्न.”

“बरं केलं बाईनं,” तुळसाबाई म्हणाली, आणि तिच्या तोंडावर हसू आलं.

क्लिक. जुना कॅमेरा दमेकऱ्यासारखा वाजला.

मग फिल्म धुवायला घेतली. आतल्या अंधारात इंद्रजित डबी हलवत होता. बाहेर टोपल्यात बर्फ वितळत होता आणि त्याच्या अंगातून धुरासारखं काही निघत होतं. रस्त्यावर चिटपाखरू नव्हतं. पडद्यावरची शिखरं पंख्याच्या वाऱ्याने हळूहळू फुगत आणि बसत होती. तुळसाबाईचे डोळे मिटले होते. झोपली होती की कुणाच्या मागे चालत होती, कुणास ठाऊक.

इंद्रजित ओली पट्टी हातात घेऊन आला. पट्टी बहुतेक धुरकट होती. सुरुवातीची माणसं पार विरून गेली होती, एखादा खांदा, एखादी कॉलर. शेवटी दोन चौकोन मात्र दिसत होते. त्याने पट्टी दाराच्या उजेडाकडे धरली.

“निगेटिव्ह आहे, वयनी. उलटं दिसंन. काळं ते पांढरं, पांढरं ते काळं.”

ती जवळ आली. धुक्यातून बाहेर येत असल्यासारखा एक माणूस होता, मान किंचित कललेली.

“चाक फिरवून आयकत तवा मान अशीच करत,” ती हळूच म्हणाली. मग एकदम, “अरे! हे तं म्हातारे झाले!”

डोमाजीचे काळे केस पांढरे झाले होते, मिशीही. शेजारच्या चौकोनात तुळसाबाई होती. तिचे पांढरे केस काळेभोर, आणि ती हसत होती.

“एका दिवसात सरळ करून देतो,” इंद्रजित म्हणाला. “मोबाइलवर उलटवला की झालं. फ्लेक्ससाठी डोमाजीभाऊचा एवढा तुकडा कापून घेतो.” त्याने कात्री घेतली.

“कापू नका,” तुळसाबाई म्हणाली.

“वयनी, रीत असते...”

“रोल संपवाची रीत पाळली ना तुमची? आता माही पाळा. मधातून कापू नका.”

इंद्रजितने कात्री ठेवून दिली. राजदीपने पट्टी न कापताच मोबाइलने फोटो घेतला. पुढे तो फ्लेक्स गावाच्या फाट्यावर लागला. त्यात डोमाजी स्वतःच्या मुलापेक्षा लहान दिसत होता, आणि वऱ्हाडी मंडळी विचारत होती, हे नवरदेवाचे काका काय म्हणून.

पण ते नंतर. त्या दुपारी पट्टी वाळल्यावर तुळसाबाई ती घेऊन स्टुडिओच्या पायरीवर उभी राहिली. दोन्ही हातांनी पट्टी आभाळाकडे धरलेली. समोर एसटी लागली, कंडक्टरने दोनदा घंटी मारली.

“आजी, चाल ना, गाडी चालली!” राजदीप ओरडला.

“जाऊ दे,” ती वर पाहतच म्हणाली. “मांगून दुसरी येते.”