मुखवट्यापुढचे मौन

शिमग्याला महिनाभर अवकाश असताना मुंबईहून एक चित्रपटकार बाई आमच्या गावी आल्या. जपानातील नोह या प्राचीन मुखवटानाट्याच्या वृद्ध नटांवर त्यांनी माहितीपट केले होते. आमच्या खेळ्यांत, म्हणजे शिमग्यात सोंगे घेऊन नाचणाऱ्यांत, गणपतीचा मुखवटा देवळातल्या खोलीत पूजा करून मग चढवतात. ती वेळ त्यांना चित्रित करावयाची होती. त्या खोलीत तोवर कॅमेरा गेलेला नव्हता. देवळाच्या विश्वस्तांत वयाने वडील म्हणून निर्णय माझ्यावर आला. मी म्हटले, आधी तुमचे पाहणे कसे आहे ते मला पाहू द्या.

म्हणून रत्नागिरीत एका वाचनालयाच्या सभागृहात चित्रपट दाखवण्याचे ठरले, आणि तेथे वाचनालयाचे अध्यक्षमहाशय होते. निवृत्त अधिकारी. शांतता म्हणजे वक्त्याची गैरहजेरी, असे मानणाऱ्या सद्गृहस्थांपैकी एक.

पडद्यावर एक वृद्ध नट आरशासमोर बसला होता. त्याने मुखवटा दोन्ही हातांनी उचलून कपाळाशी नेला आणि तसाच थांबला. चित्रपटाला निवेदन नव्हते. बाईंनी ते जाणूनबुजून ठेवले नव्हते. घरोघरी केबल नुकती आली होती, आणि पडद्यावर कोणी बोलत नसेल तर यंत्र बिघडले असे आमच्याकडे समजत. अध्यक्षांना वाटले, निवेदन करायचे राहूनच गेले. आता पाहुणीची अब्रू राखली पाहिजे. त्यांनी माइक मागवला.

"आता हे गृहस्थ नमस्कार करीत आहेत," त्यांनी सांगितले. डोळे असलेल्या सर्वांना सांगितले. मग नटामागे बसलेल्या शिष्याने मुखवट्याची दोरी हातात घेतली, हेही कळवले. बासरी सुरू झाली तेव्हा आपले बोलणे नीट ऐकू यावे म्हणून तिचाच आवाज कमी करविला. मागून कोणी म्हणाले, "भाऊ, तो उठला की हाक मारा हां, तोवर चहा घेऊन येतो." त्या हशालाही दाद समजून अध्यक्षांनी मान लववली.

बाईंनी जवळ जाऊन विनवले, तर उत्तर माइकवरूनच मिळाले. "तुम्ही निवांत बसा हो. राहिलेलं आम्ही सांभाळतो."

मला हो किंवा नाही म्हणायचे होते, आणि चित्रपटापेक्षा अध्यक्षच अधिक पोहोचत होते. जन्मभर पूजेला बसल्याने वाट पाहण्याची सवय आहे, तरीही उठलो.

"नैवेद्य दाखवताना हा भात, हे वरण, असं देवाला समजावून सांगता का हो तुम्ही?"

"शास्त्रीबुवांना एक शंका आहे," अध्यक्षांनी सभागृहास कळवले आणि पुढचे दृश्य सांगू लागले.

मी पहिल्या रांगेच्याही पुढे जाऊन जमिनीवर बसलो. तेव्हा दिसले. दोरी बांधणाऱ्या शिष्याची बाही नटाच्या मुखाआड आली होती, आणि बराच वेळ आडच राहिली. ऐन क्षणी मुख दिसलेच नाही. कॅमेरा तसूभरही सरकला नाही. जे झाकले गेले, ते बाईंनी झाकलेले राहू दिले होते. मला तेवढे पुरेसे होते.

शाल-श्रीफळ झाल्यावर अध्यक्षांनी माइक माझ्यापुढे धरला. तो बाजूस सारून मी बाईंना होकार दिला. खोलीत त्या एकट्याच येतील, असेही म्हटले.

"मग माहिती कोण देणार?" अध्यक्षांचा स्वर खरोखर काळजीचा होता, त्यामुळे त्यांची कीव करणेही कठीण झाले.

"कोणी नाही."

बाईंनी एवढेच विचारले, की त्यांनी बसावे कोठे. उत्तरेच्या भिंतीशी, मी सांगितले. मुखवटा बांधताना तेथून फक्त पाठ दिसेल.

"चालेल," त्या म्हणाल्या.